मी खाटेवर, संघ मैदानात

ज्या हंगामात आमच्या कॉलेजचा कबड्डीचा संघ पहिल्यांदा विभागाच्या अंतिम सामन्यापर्यंत गेला, त्याच हंगामात मला क्षय झाला. या दोन गोष्टी मला आजही वेगळ्या करून सांगता येत नाहीत. आजाराचं कुणी विचारलं की मी संघाचं सांगू लागतो आणि संघाचं विचारलं की खोकल्यावर येतो. इथं दोन्ही सांगणार आहे. डॉक्टरी माहिती माझ्याकडे नाही, ती डॉक्टरांकडूनच घ्यावी. छातीच्या फोटोचं पाकीट नुकतंच हातात पडलंय आणि ते कुणाला दिसू नये म्हणून पिशवीत तळाशी घालून जे घरी निघालेत, त्यांच्यासाठी हे लिहितोय.

सात गडी

साठीच्या दशकाची सुरुवात होती. आमच्या जिल्ह्याला तेव्हा कुलाबा म्हणत. आमच्यासारख्या भातशेतीवाल्या घरांतली मुलं मॅट्रिक झाली की रेवसच्या धक्क्यावरून लाँच पकडायची आणि मुंबईला नोकरीला जायची. कॉलेज हे दुसऱ्यांसाठी असायचं. मग तालुक्याच्या गावी, समुद्रापासून हाकेच्या अंतरावर नवं कॉलेज निघालं आणि पाच मैल सायकल हाणत मीही जाऊ लागलो. आमच्या घराण्यातला कॉलेजात गेलेला पहिला माणूस मी. आय शेजारणींना सांगायची, 'आमचा दत्तू कालेजान जातंय,' आणि पुढं काय शिकतो ते तिला सांगता यायचं नाही.

शिकण्यापेक्षा मी खेळतच जास्त होतो. गावाकडे आम्ही हुतूतू म्हणायचो, कॉलेजात त्याला कबड्डी म्हणत. ओहोटी लागली की किनाऱ्यावर टणक वाळूचा पट्टा उघडा पडायचा. तिथं पायाच्या अंगठ्यानं रेघा ओढून आम्ही मैदान आखायचो. भरती यायच्या आत सराव उरकायचा, त्यामुळं वेळ रोज वेगळी. जोगळेकर सर ती वेळ गणिताच्या तासाला फळ्याच्या कोपऱ्यात लिहून ठेवत.

संघ या जोगळेकर सरांकडे होता. नागावात त्यांची नारळ-सुपारीची वाडी होती. स्वतः त्यांनी जन्मात कधी चढाई केलेली नव्हती. पहिल्या दिवशी ते छत्री घेऊन, चपला हातात धरून वाळूवर आले आणि नियमांचं पुस्तक वाचत उभे राहिले. आम्ही गालात हसलो. महिन्याभरात हसणं थांबलं. प्रत्येक चढाई किती वेळ चालली, कोण कुठल्या बाजूनं पकडला गेला, हे सगळं ते वहीत टिपायचे. एक दिवस मला म्हणाले, "म्हात्रे, तुम्ही दहापैकी सात वेळा डाव्या कोपऱ्यात सापडता. उजव्या पायानं आत शिरून पाहा." मी शिरून पाहिलं. त्यानंतर मला पकडणं अवघड झालं.

संघनायक नामदेव पाटील. आमच्या शेजारच्या गावचा, माझ्याच वर्गातला. तो कोपरा सांभाळायचा. त्यानं घोटा धरला की माणूस जागीच बसायचा. बोलायचा कमी. मी चढाईला जायचो, तो पकडायचा, आणि बाकीचे पाच आमच्या दोघांच्या भोवती उभे असायचे, असं निदान मला तेव्हा वाटत होतं. पहिले दोन सामने आम्ही लीलया जिंकलो. मला फार गर्व झाला होता, हे कबूल करतो.

मी माती ओढली

खोकला भात कापणीपासूनच होता. धूळ गेली असेल म्हणून सोडून दिला. मग संध्याकाळी अंग कढत होऊ लागलं. सदरा ढिला झाला. आय म्हणायची सायकल मारून वाळलास. मला मात्र आतून कळत होतं. सरांच्या वहीत माझी चढाई दर आठवड्याला आखूड होत चालली होती. सरांनी कारण विचारलं, तेव्हा अभ्यासाचं जागरण सांगितलं.

तिसरा सामना आमच्याच मैदानावर होता. उत्तरार्धात मी दोन गडी मारून परत फिरलो आणि मध्यरेषेपासून दोन पावलांवर माझा दम तुटला. तोंडातून शब्दच येईना. पंचांनी शिट्टी मारली, मी बाद झालो. बाहेर जाऊन बसलो, खोकलो, थुंकलो. मातीवर तांबडं पडलं. मी पायानं त्यावर माती ओढली आणि मान वर केली. मैदानातून नामदेव माझ्याकडे पाहत होता. पुढच्याच क्षणी त्याच्या अंगावर चढाई आली, तो वळला आणि त्यानं गडी पकडला. तो सामनाही आम्ही जिंकलो.

मी कुणालाच काही सांगणार नव्हतो. साखळीचे चार सामने राहिले होते, तेवढे खेळायचे आणि मग बघू, असं ठरवलं होतं. आज हे लिहिताना अंगावर काटा येतो. सात-आठ पोरांच्या अंगाला अंग घासून मी रोज खेळत होतो, त्यांच्या तोंडावर खोकत होतो. तेव्हा मनात एकच विचार होता, माझी जागा जाईल.

दुसऱ्या दिवशी सरांनी मला वर्गाबाहेर बोलावलं आणि उद्या सकाळी साडेआठला सरकारी दवाखान्यात यायचं, असं सांगितलं. काय झालं, असं त्यांनी विचारलं नाही. त्यावरूनच मी समजलो की नामदेव बोलला आहे.

दवाखान्यातली खिडकी

छातीचा फोटो डॉक्टरांनी खिडकीशी उजेडात धरला. मला त्यात बरगड्या दिसल्या, दुसरं काही दिसलं नाही. डॉक्टर खूप वेळ पाहत राहिले आणि मग म्हणाले, वडिलांना बोलवा. सरांनी आमच्या गावच्या दूधवाल्याबरोबर निरोप धाडला. दुपारी बाबा धुवट धोतर नेसून, टोपी घालून आले. जणू कुणाच्या लग्नाच्या बोलणीला आलेत.

डॉक्टरांनी आडपडदा ठेवला नाही. क्षय आहे, दोन्हीकडे थोडा, डावीकडे जास्त. आरोग्यधामात काही महिने राहावं लागेल, औषध दीड वर्ष घ्यावं लागेल, आणि एकही दिवस चुकवायचा नाही. बाबांनी टोपी काढून हातात घेतली. आमच्या आळीत या रोगानं दोन माणसं गेलेली होती. एकाला तर शेवटी गोठ्यात ठेवलं होतं.

"वाचंल काय?" बाबांनी विचारलं.

"औषध घेतलं तर वाचेल," डॉक्टर म्हणाले.

मग सरांनी खिशातून कागद काढला. त्यावर त्यांनी तीन प्रश्न लिहून आणले होते. हा कसा पसरतो, बरोबरच्या मुलांना तपासायचं का, आणि ताटवाटी वेगळी करावी लागते का. डॉक्टरांनी सांगितलं, खोकल्यातून, हवेतून पसरतो. मुलांना तपासा. ताटवाटीचं काही नाही, पण रुग्णानं तोंडावर फडकं धरावं.

बाहेर आल्यावर सर आम्हा दोघांना समोरच्या हॉटेलात घेऊन गेले. मी पाण्याचं भांडं अर्धं पिऊन खाली ठेवलं. बाबा त्या भांड्याकडे पाहत होते. सरांनी ते उचललं आणि उरलेलं पाणी पिऊन टाकलं. म्हणाले, "डॉक्टर म्हणाले भांड्यातून येत नाही. म्हणजे येत नाही." आणि चहा मागवला.

मी पुढं तीस वर्षं शिक्षक होतो. मोठमोठी भाषणं ऐकली आणि स्वतःही केली. त्या पाण्याइतकं कुणी मला काही शिकवलं नाही.

चहाडखोर

सरांनी सगळ्या संघाच्या छातीचे फोटो काढून घेतले. दवाखान्याच्या ओसरीवर नऊ जण रांगेत बसले होते, असं मला नंतर कळलं. सगळे स्वच्छ निघाले. ते ऐकल्यावर मी गोठ्यामागं जाऊन रडलो. पण गावात बातमी फुटायची ती फुटलीच. दोघांना त्यांच्या वडिलांनी संघातून काढून घेतलं. कॉलेजात काही जणांचं म्हणणं पडलं की यंदा संघच नको. सर म्हणाले, म्हात्रे गेले, दोन गेले, राहिले सात, आणि सातच लागतात.

मी आरोग्यधामात जायच्या आदल्या दिवशी नामदेव आमच्या खळ्यात आला. सायकल उभी केली आणि माझ्यापासून दोन हातांवर येऊन बसला. त्यानं येऊच नये असं मला वाटत होतं.

"मीच सांगितला सरांना," तो म्हणाला. "रगात बघितला मी."

मी त्याला चहाडखोर म्हणालो. माझं नाव होतंय ते तुला बघवलं नाही, असंही म्हणालो. आणखीही बोललो, ते लिहीत नाही. तो ऐकून घेत होता. माझं संपल्यावर उठला, आयला 'येतो गं काकू' म्हणाला आणि सायकल हातात धरून चालत निघून गेला. मला वाटलं, हा परत येणार नाही.

आरोग्यधाम

पनवेलच्या पुढं, डोंगराच्या पायथ्याशी लांबट कौलारू इमारत. एका दालनात वीस खाटा, समोर पडवी. सकाळी सहाला तापमान, सातला दूध आणि अंडं, मग इंजेक्शन. ते रोज कमरेत. आठवड्याभरात कुठल्याही कुशीवर झोपणं अवघड झालं. दुपारी दोन ते चार बोलायचं नाही, वाचायचं नाही, हात वर करायचा नाही, नुसतं पडायचं. शनिवारी वजन. वजन पावभर वाढलं तरी सगळं दालन त्या माणसाकडे वरात आल्यासारखं बघायचं.

परिचारिका कुरियन सिस्टर केरळच्या होत्या. त्यांचं मराठी तोडकं होतं पण हुकूम कळायचे. माझ्या शेजारच्या खाटेवर हुसेनभाई होते, रेवसच्या लाँचवरचे तांडेल. वादळातून लाँच आणलेला माणूस, आणि आता जिना चढायची परवानगी नव्हती. पहिल्या दिवशी त्यांनी विचारलं, "काय करत होतास?" मी म्हटलं, चढाई. ते म्हणाले, "मी दर्यावर, तू मैदानावर. दोघं दमावरच जगणारे. बस, आता इथं दोघं मिळून पडू."

भीतीबद्दल लिहायला हवं. ती दुपारच्या त्या दोन तासांत यायची. काही करायचं नसलं की माणूस स्वतःची छाती ऐकत बसतो. प्रत्येक श्वासात काहीतरी वाजतंय असं वाटतं. पडवीबाहेर कधी एखादी गादी उन्हात टाकलेली दिसायची, मग आम्ही कुणाची खाट रिकामी झाली ते बघायचो. मला उपाय सापडला नाही. एवढंच सांगतो, की चारला सिस्टर चहा घेऊन यायच्या आणि चहा आला की भीती थोडी मागं सरायची. रोज चार वाजतात, हे लक्षात ठेवावं.

आयचं येणं

आय महिन्यानं आली. दोन एस.टी. बदलून, डोक्यावर तांदळाच्या भाकऱ्यांचं फडकं घेऊन. तिला कुणीतरी सांगितलं होतं की जवळ बसायचं नाही, म्हणून ती पडवीच्या पायरीवर बसली आणि मी खुर्चीवर. आमच्यामध्ये एक बैलगाडी जाईल इतकं अंतर.

तिनं घरचं सगळं सांगितलं. माझ्या धाकट्या बहिणीचं, वत्सलेचं, जमत आलेलं लग्न मोडलं होतं. त्या माणसांनी कारण सांगितलं नाही, पण सगळ्यांना ठाऊक होतं. मोठ्या भावानं माझं अंथरूण आणि कपडे शेतात नेऊन जाळले होते. वहिनी पोरांना घेऊन माहेरी जाऊन राहिली होती.

"गावात तुजे बाबांनी सांगितलंय, तू मुंबयला कामाला हाईस," आय म्हणाली. "कुनी इचारला तर तसाच सांग."

मला त्या दिवशी सगळ्यांचा राग आला. भावाचा, वहिनीचा, बाबांचा. आज येत नाही. वहिनीची मुलं दोन आणि चार वर्षांची होती. ती घाबरली, आणि घाबरणं चूक नव्हतं. तिला कुणी तीन प्रश्न विचारून उत्तरं आणून दिली नव्हती, एवढंच. जाताना आय पायरीवरून उठली, थोडी पुढं आली, आणि माझ्या पायाचा अंगठा हातात धरून क्षणभर उभी राहिली.

सरांची कार्डं

प्रत्येक सामन्यानंतर जोगळेकर सरांचं पोस्टकार्ड यायचं. बारीक, सरळ अक्षर. वर गुणसंख्या, खाली कोणी काय केलं. 'प्रकृती कशी आहे' वगैरे काही नसायचं.

माझ्याशिवायचा पहिला सामना ते वाईट हरले. साखळी सामने होते म्हणून निभावलं. मला, खोटं कशाला बोलू, बरं वाटलं. पण पुढचं कार्ड वेगळं होतं. सरांनी लिहिलं होतं की चढाईवर गुण मिळवणारा आता आपल्याकडे नाही, तेव्हा आपण गुण द्यायचेच नाहीत असं ठरवलं आहे. सातही जण साखळी धरून उभे राहतात. समोरच्याला आत येऊ देतात, आणि तो परत जात नाही.

तो सामना ते जिंकले. त्याच्या पुढचाही. ज्या पाच जणांना मी आमच्या भोवती उभे राहणारे समजत होतो, त्यांची नावं प्रत्येक कार्डात येऊ लागली. अमक्यानं कंबर धरली, तमक्यानं मांडी. एकाचा खांदा निखळला होता, तो तसाच खेळला, कारण आठवा गडी नव्हताच. मी ती कार्डं दहा-दहा वेळा वाचायचो. असूया कधी संपली आणि अभिमान कधी सुरू झाला, ते मला नक्की सांगता येणार नाही.

एका कार्डाच्या वेळी हुसेनभाई म्हणाले, मोठ्यानं वाच. मी वाचलं. पुढच्या कार्डाला सगळं दालन वाट बघत होतं. चारच्या चहाबरोबर मी वाचायचो आणि ज्यांना दोन वाक्यं सलग बोलता येत नव्हती ती माणसं कुणी पकड कशी करायला हवी होती यावर वाद घालायची. सिस्टर एकदोनदा ओरडल्या. नंतर टपाल आलं की त्या स्वतःच आणून द्यायच्या आणि दारात उभ्या राहून ऐकायच्या.

मी औषध फेकत होतो

आता एक गोष्ट, जी मी बरीच वर्षं कुणाला सांगितली नाही. इंजेक्शनाशिवाय एक पूड होती. दिवसातून तीनदा, मूठमूठभर. तिनं पोटात ढवळायचं, तोंडाला दिवसभर चव नसायची. ताप उतरला, वजन वाढलं, तसं मला वाटलं आता हिची गरज काय. मी पूड तोंडात घेतल्यासारखं करायचो आणि सिस्टर पुढं गेल्या की खिडकीबाहेर टाकायचो. हे दहा-बारा दिवस चाललं.

मग एका सकाळी सिस्टर माझ्या खाटेशी खुर्ची घेऊन बसल्या. पूड पाण्यात कालवून हातात दिली आणि मी ती पिईपर्यंत उठल्या नाहीत. दुपारीही तसंच, संध्याकाळीही. रागावल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी मला कळलं की त्यांना हुसेनभाईंनी सांगितलंय.

मी हुसेनभाईंना विचारलं, का सांगितलंत. त्या आठवड्यात त्यांचं आजारी फुप्फुस दाबून टाकण्यासाठी बरगड्या काढायचं ऑपरेशन ठरलं होतं.

"बारा वर्षांमागं मी पहिल्यांदा आजारी पडलो," ते म्हणाले. "बरं वाटलं आणि पळालो. तेव्हा आजच्यासारखी औषधं नव्हती, पण जी होती तीही घेतली नाहीत. बरोबरच्यांना ठाऊक होतं. कुणी सांगितलं नाही. सगळे माझे दोस्त होते."

एवढं बोलून त्यांना धाप लागली. मी त्यांना पाणी दिलं. त्या दिवशी दुपारच्या विश्रांतीत मी छाती ऐकली नाही. खळ्यातून सायकल हातात धरून चालत गेलेला नामदेव मला सारखा दिसत होता. चार वाजता मी सिस्टरांकडून कार्ड मागून घेतलं आणि त्याला लिहिलं. काय लिहिलं ते आठवत नाही, माफी मागितली होती. आठ दिवसांनी उत्तर आलं. त्यात एकच ओळ होती, 'पत्र पोचले. दूध पितोस काय?'

हुसेनभाईंचं ऑपरेशन झालं. डावी बाजू खचली, खांदा खाली आला, पण ते वाचले. तीन आठवड्यांनी खाटेवर बसून त्यांनी पहिलं काय विचारलं असेल, तर संघाचं काय झालं.

अंतिम सामना

अंतिम सामना पनवेलला होता. आरोग्यधामापासून एस.टी.नं अर्धा तास. मला परवानगी मिळाली नाही आणि मीही हट्ट केला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी फाटकातून सर छत्री घेऊन आत आले आणि त्यांच्यामागं सात जण, डोक्याला तेल लावून, शाळेत चालल्यासारखे. एकाच्या नाकावर पट्टी होती. चेहरे बघून निकाल कळला.

सिस्टरांनी त्यांना आंब्याखाली मोकळ्यावर बसवलं आणि आम्हाला तोंडावर फडकी बांधायला लावून पडवीत. वीसच्या वीस माणसं खाटांवरून उठून आली होती. कुणी भिंत धरून उभं, कुणी घोंगडीत गुंडाळलेलं. मग एकेक जण विचारू लागला. दुसऱ्या सामन्यात कंबर धरलीस तो तू काय? खांदा बरा झाला का? तुझा घोटा सुटला होता, ते कसं झालं? ते सातही जण गोंधळून गेले. आपल्याला ओळखणारी वीस माणसं इथं, या डोंगराखाली आहेत, हे त्यांना ठाऊकच नव्हतं. हुसेनभाई वाकड्या खांद्यानं खुर्चीत बसून पंचासारखे एकेकाला बोलायला लावत होते. सर छत्रीच्या मुठीवर दोन्ही हात ठेवून उभे होते.

ते एका गुणानं हरले होते. शेवटच्या मिनिटाला चढाईला जायला कुणी उरलं नाही, तेव्हा नामदेव गेला. कोपरा सोडून जन्मात कुठं न खेळलेला माणूस. त्यानं एक गडी मारला, परत येताना चार जणांनी त्याला धरलं, आणि त्या चौघांना ओढत तो मध्यरेषेकडे आला. हाताचं बोट रेषेपासून वीतभर राहिलं आणि दम गेला.

सगळे चहाला गेले तेव्हा तो माझ्याजवळ येऊन उभा राहिला. दोन हातांवर, खळ्यात बसला होता तेवढ्याच अंतरावर.

"तू असतास तर जिंकलो असतो," तो म्हणाला.

मी तोंडावरचं फडकं सारखं केलं.

"मी सांगितला म्हणून हरलो. ठाव हाय मना." त्यानं पडवीतल्या माणसांकडे एकदा पाहिलं. "परत सांगीन."

घरी

आरोग्यधामातून मी पावसाळ्याच्या आधी सुटलो. औषध अजून वर्षभर होतं. बाबा न्यायला आले होते. गावच्या फाट्यावर एस.टी.तून उतरलो तेव्हा तिथं बसलेल्या चार-पाच जणांनी विचारलं, काय, मुंबईहून आला काय पोरगा. मी हो म्हणणार होतो. बाबांनी माझी ट्रंक खाली ठेवली.

"न्हाय. क्षय झालेला त्याला. दवा घेतली, बरा झाला," ते म्हणाले आणि ट्रंक पुन्हा उचलून चालू लागले.

 पुढच्या दोन वर्षांत आसपासच्या गावांतून तीन माणसं आमच्या खळ्यात येऊन बाबांना हळूच विचारून गेली, तो दवाखाना कुठं म्हणालात. तिघांनाही बाबा स्वतः घेऊन गेले. वत्सलेचं लग्न उशिरा झालं, पण चांगल्या घरी झालं. वहिनी दिवाळीआधी परतली आणि पहिल्याच दिवशी तिनं धाकट्याला माझ्या मांडीवर आणून ठेवलं. 

चढाई मी पुन्हा केली नाही. डॉक्टरांनी मनाई केली आणि मी या खेपेला ऐकलं. कॉलेज पुरं केलं, शिक्षक झालो. लग्नाआधी मुलीला आणि तिच्या वडिलांना सगळं सांगितलं. त्यांनी दोन दिवस मागून घेतले आणि होकार कळवला.

नामदेव आयुष्यभर भातशेती करत राहिला. आमची दर आठवड्याला भेट व्हायची. तो चार वर्षांमागं गेला, झोपेतच. तेराव्याला मी त्याच्या घरी गेलो होतो. जेवणं झाल्यावर त्याचा मोठा मुलगा माझ्याजवळ येऊन बसला.

"काका, बाबा तुमचं फार सांगायचे," तो म्हणाला. "म्हणायचे, दत्तू चढाईला गेला की आम्ही निवांत उभे राहायचो. तो रिकाम्या हातानं आलाच नाही कधी. मग तुम्ही खेळ सोडलात कशानं? आम्ही इचारलं की बाबा म्हणायचे, त्याच्या अभ्यासाचं वर्ष होतं."

 ज्याला मी चहाडखोर म्हणालो होतो, त्यानं उभ्या जन्मात स्वतःच्या पोरांनासुद्धा माझ्या आजाराचं सांगितलं नव्हतं.

मग मी सांगितलं. मातीवर पडलेल्या रक्तापासून, सगळं.